सरकारी भरतीच्या डीव्हीत (कागदपत्र पडताळणीत) अपात्र ठरल्यावर केलेला वकील, ५ पैकी साडेतीन स्टार

वकील साहेबांचं नाव देत नाहीये, केस अजून चालू आहे, उगाच कशाला. झालं असं की लेखी पास, मेरिटमध्ये नाव, आणि कागदपत्र पडताळणीत नॉन क्रिमिलेअरवर, म्हणजे आरक्षणासाठी उत्पन्न मर्यादेत असल्याच्या दाखल्यावर अडकलो. जुन्या दाखल्याची मुदत ३१ मार्चला संपलेली आणि नवीन हातात आला तो अर्जाची शेवटची तारीख उलटून ११ दिवसांनी. यादीत नावापुढे एकच शब्द, अपात्र.

आधी दोघांकडे जाऊन आलेलो. एक म्हणाला शंभर टक्के जिंकतो, वकालतनाम्यावर सही कर. दुसऱ्याने फाईलच उघडली नाही. या साहेबांनी दाखला बाजूला ठेवला आणि जाहिरात मागितली, पूर्ण, शुद्धिपत्रकासकट. माझ्याकडे मोबाईलमध्ये स्क्रीनशॉट, तो पण अर्धा, तर सरळ घरी पाठवलं मला. राग आला होता खरं सांगायचं तर, पण सगळी भानगड तिथेच निघाली, एका पानावर "शेवटच्या तारखेला वैध असावा" आणि चार पानं पुढे "पडताळणीच्या वेळी सादर करावा". दोन्ही एकाच जाहिरातीत!

मी मोठ्या तोऱ्यात सुप्रीम कोर्टाचा २०१६ चा गिजरोया निकाल काढला, त्यात ओबीसी दाखला उशिरा दिलेल्या उमेदवाराच्या बाजूने लागलंय. साहेब हसले. म्हणाले हा सगळेच आणतात, २०२३ मध्ये यूपीएससीच्या ईडब्ल्यूएसवाल्यांना (आर्थिक दुर्बल घटक) त्याच कोर्टाने कट-ऑफ तारीख पाळायलाच लागेल म्हणून परत पाठवलं तो कोणी आणत नाही. आणि जात जन्माने असते हे बरोबर, पण क्रिमिलेअर उत्पन्नावर ठरतं, समोरचे तिथेच धरणार तुला. एवढं स्पष्ट मला कोणीच सांगितलं नव्हतं, यासाठीच तीन स्टार.

बाकी कामही पद्धतशीर. आधी खात्याला लेखी निवेदन, पोच घेऊन. १० रुपयांची आरटीआय टाकून छाननीची टिपणी मागवली. राज्य सरकारचं पद म्हणून केस मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), केंद्राचं असतं तर कॅट (केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण). कायद्यात मुदत १ वर्ष आहे पण तेवढं थांबलात तर नेमणुका होऊन जातात, मग त्या मुलांनाही प्रतिवादी करा, नोटिसा बजावत बसा. आम्ही लवकर गेलो म्हणून दुसऱ्याच तारखेला एक जागा रिकामी ठेवायचा अंतरिम आदेश मिळाला. तो मिळाला म्हणजे नोकरी मिळाली असं नाही हं, घरी पेढे आणले होते, मीच अर्धे परत पाठवले.

आता दीड स्टार कुठे गेला. ज्युनिअर फोन उचलत नाही, केस बोर्डवर (त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत) आहे की नाही ते मलाच रोज सकाळी वेबसाइटवर बघावं लागतं. टायपिंग आणि झेरॉक्सचे पैसे वेगळे आणि पावती मागितली की असं बघतात जसं काय किडनी मागितली. मॅटच्या अर्जात माझा प्रवर्ग चुकीचा टाईप झालेला, दाखल करायच्या आदल्या रात्री माझ्याच लक्षात आलं, नाहीतर दाखल्याच्या चुकीविरुद्धच्या अर्जातच चूक गेली असती. प्रत्येक पान स्वतः वाचा.

पुढची तारीख तीन आठवड्यांनी आहे, खात्याने उत्तर दाखल करायला परत मुदत मागितलीय.