मुरगावची महायुद्ध-सहल : विषय दुर्मीळ, मांडणीत वेळेचे गणित चुकलेले

सावंतवाडीहून पहाटे निघून रात्री परत आणणारी, दुसऱ्या महायुद्धातील पोर्तुगीज गोव्याच्या तटस्थतेवरची मराठी मार्गदर्शनासह एक दिवसाची सहल एका स्थानिक आयोजकाने सुरू केली आहे. माणशी १,८०० रुपये शुल्कात वातानुकूलित बस, नाश्ता, दुपारचे जेवण आणि एक माहितीपत्रक मिळते. कोकणच्या किनाऱ्यावर किल्ले आणि देवळे दाखवणाऱ्या सहली पुष्कळ आहेत. परराष्ट्र धोरण हा विषय घेऊन बंदर दाखवणारी दुसरी सहल माझ्या पाहण्यात नाही. म्हणूनच तिचे परीक्षण थोडे बारकाईने करावेसे वाटते.

बांदा, पत्रादेवी, म्हापसा, पणजी असे करत बस प्रथम दोना पावलाला थांबते, आणि दिवसातला सर्वोत्तम तास तिथेच मिळतो. समोर झुआरीचे मुख आणि पलीकडे मुरगावचे बंदर दिसत असताना मार्गदर्शक १९३९ची परिस्थिती उभी करतात. युद्ध सुरू होताच एरेनफेल्स, ब्राउनफेल्स आणि ड्राखेनफेल्स या तीन जर्मन मालवाहू बोटी इथे आश्रयाला आल्या आणि इटली युद्धात उतरल्यावर अन्फोरा ही इटालियन बोटही त्यांच्यासोबत अडकून पडली. युद्धनौकांच्या मुक्कामावर १९०७च्या हेग कराराने कडक मर्यादा घातल्या होत्या, पण व्यापारी बोटींना तटस्थ बंदरात राहण्याची मोकळीक होती. या बोटी हाकलाव्यात, जप्त कराव्यात की आहेत तिथेच राहू द्याव्यात, हा प्रश्न लिस्बनमध्ये पोर्तुगालचे पंतप्रधान सालाझार यांच्यापुढे होता. त्यातली कोंडी मार्गदर्शकांनी फार चांगली उलगडली. एकीकडे पोर्तुगालची १३७३च्या तहापासूनची इंग्लंडशी मैत्री. शिवाय गोव्याच्या तिन्ही बाजूंना ब्रिटिश सत्तेखालचा मुलूख आणि मुरगावहून निघालेली रेल्वे कॅसलरॉकला पोहोचताच ब्रिटिश हद्दीत शिरणारी. दुसरीकडे, जर्मनीला दुखावण्याची किंमत पोर्तुगालने आधीच्या महायुद्धात मोजलेली होती. ब्रिटनच्या विनंतीवरून आपल्या बंदरांतील जर्मन बोटी ताब्यात घेतल्यावर ९ मार्च १९१६ रोजी जर्मनीने पोर्तुगालविरुद्ध युद्ध पुकारले होते. त्यामुळे बोटी जागेवरच ठेवण्याच्या निर्णयामागे दुबळेपणापेक्षा हिशेब अधिक होता, हे त्यांचे म्हणणे मला पूर्ण पटले.

पुढे कुठ्ठाळीवरून वास्को आणि तिथून सडा. बंदराच्या आत सामान्य माणसाला प्रवेश नसल्यामुळे सड्यावरच्या उंच जागेवरून पाहावे लागते. ज्येष्ठांना ही चढण थोडी जड जाते. इथे ९ मार्च १९४३च्या रात्रीची हकीकत सांगितली जाते. एरेनफेल्सवरच्या गुप्त बिनतारी यंत्रातून जर्मन पाणबुड्यांना खबर जाते या संशयावरून ब्रिटिश गुप्त यंत्रणेने कलकत्ता लाइट हॉर्स आणि कलकत्ता स्कॉटिश या स्वयंसेवी पलटणींतली, बरीचशी मध्यमवयीन माणसे फीबी नावाच्या संथ बोटीतून इथे आणली. एरेनफेल्सवर हल्ला झाला, तिचा कप्तान मारला गेला आणि जर्मन व इटालियन खलाशांनी आपापल्या बोटी स्वतःच बुडवल्या. हकीकत थरारक आहेच, पण तिच्यावर जवळजवळ दोन तास गेले, आणि तरीही मुख्य प्रश्नाचे उत्तर घाईत उरकले गेले. नाविक दल हाताशी असताना ब्रिटनला निवृत्तीकडे झुकलेली माणसे का धाडावी लागली? कारण तटस्थ बंदरात उघड हल्ला केला असता तर सालाझार दुखावले असते, आणि अटलांटिकमधल्या पाणबुड्यांशी लढण्यासाठी ब्रिटनला त्यांच्याच अझोर्स बेटांवर विमानतळ हवा होता. तो करार त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये झाला, आणि ऑक्टोबरमध्ये चर्चिल यांनी पार्लमेंटमध्ये १३७३च्या तहाचा दाखला देऊन तो जाहीर केला. अझोर्सचा संदर्भ नीट दिला नाही तर मुरगावची ती रात्र नुसती साहसकथा होऊन बसते. एरेनफेल्सवरच्या त्या बिनतारी यंत्रामुळे पाणबुड्यांना किती मदत झाली हाही वादाचा मुद्दा आहे. तो निर्विवाद सत्य म्हणून सांगायला नको होता.

माझा खरा आक्षेप मात्र वेगळा आहे. त्याच वर्षी, त्याच बंदरात, ऑक्टोबर महिन्यात जे घडले त्याला या सहलीत जेमतेम पाव तास मिळतो, तोही वास्कोतल्या जेवणानंतर, डोळे मिटू लागलेले असताना. ग्रिप्सहोल्म ही स्वीडिश बोट जपानी नागरिकांना घेऊन न्यूयॉर्कहून निघाली, जपानची तेइया मारू अमेरिकन आणि इतर नागरिकांना घेऊन पूर्वेकडून आली, आणि मुरगावला दोन्ही बाजूंच्या प्रत्येकी सुमारे १,५०० माणसांची अदलाबदल झाली. एकमेकांशी बोलायला तयार नसलेल्या दोन सरकारांमध्ये हे ठरवायला वर्षाहून अधिक काळ लागला. अमेरिकेचे जपानमधील काम स्वित्झर्लंड पाहत होते, जपानचे अमेरिकेतील काम स्पेन. प्रत्येक यादी, प्रत्येक हरकत या दोघांच्या हातून जात होती. रात्रीच्या काळोखातही पाणबुड्यांना ओळख पटावी म्हणून ग्रिप्सहोल्मच्या दोन्ही अंगांवर ‘डिप्लोमॅट’ अशी ठळक अक्षरे रंगवून त्यांवर दिवे सोडलेले असत. युद्धाच्या ऐन भरात मुत्सद्देगिरीने माणसे सुखरूप घरी पोहोचवली, ती आपल्या किनाऱ्यावरून, आणि सहलीला आलेल्या बहुतेकांना याचा पत्ताही नव्हता. या प्रसंगासाठी पूर्ण तास दिलाच पाहिजे.

माहितीपत्रकाचीही दुरुस्ती आवश्यक आहे. त्यात १९४२ सालची, मोझांबिकमधील लोरेन्सो मार्केसची पहिली अदलाबदल आणि मुरगावची दुसरी एकाच परिच्छेदात अशी मिसळली आहे की सगळे गोव्यातच घडले असे वाटावे. दोन्ही वेळा पोर्तुगीज बंदरच का निवडले गेले, हा पत्रकातला सर्वांत मोलाचा मुद्दा होऊ शकला असता. आग्नेय आशियातल्या पोर्तुगीज तिमोरचा उल्लेख एका ओळीत आहे. १९४१च्या डिसेंबरात मित्रराष्ट्रांनी आणि १९४२च्या फेब्रुवारीत जपानने तिथे सैन्य उतरवले, म्हणजे तटस्थता कागदावर असून भागत नाही, हे गोव्याशी ताडून सांगायला हवे होते. नकाशा मात्र सुरेख आहे.

बस स्वच्छ, चालक सावध, वास्कोतली बांगड्याची थाळी चांगली आणि शाकाहारींची सोयही व्यवस्थित. मार्गदर्शक प्रश्नांना कंटाळत नाहीत आणि पोर्तुगीज नावे नीट उच्चारतात. आठवीच्या पुढची मुले, इतिहासाचे शिक्षक आणि महायुद्ध म्हणजे केवळ रणगाडे नव्हेत असे मानणारे सर्वजण यांनी ही सहल करावी. साहसकथेपुरतेच यायचे असेल तर मात्र पैसे आणि दिवस दोन्ही जास्त वाटतील. नावनोंदणी करतानाच ऑक्टोबर १९४३च्या प्रसंगाला अधिक वेळ द्यावा असे आयोजकांना सांगून ठेवावे, ते ऐकतात. पावसाळ्यात दोना पावलाहून पलीकडचे बंदर धूसर दिसते, म्हणून दिवाळी ते शिमगा हा काळ निवडावा आणि दुर्बीण सोबत ठेवावी.