अकरा पानांचा करार आणि माझे बोरूकर

आधी आकडा सांगतो, म्हणजे पुढचं वाचायचं की नाही ते ठरवता येईल. अडतीस हजार रुपये. कादंबरी छापून घेण्याच्या नादात, चार वेळा मिळून गेले, यूपीआयने, आणि चारही वेळा मी आपल्या हाताने पाठवले. कुणी धमकावलं नाही, ओटीपी मागितला नाही. आपण फसलो हे कळायलाच मला सात महिने लागले.

मी चाळीसगावकडे कापसाच्या एका जिनिंगमध्ये हिशेबाला आहे. दिवसभर गाठी, सरकी, वजनाच्या पावत्या. रात्री मात्र सहा वर्षं एक कादंबरी लिहीत होतो. तिच्यातल्या जगात ‘बोरूकर’ नावाची लेखनिकांची श्रेणी आहे. ते बोरूने लिहितात ते घडतं. ‘नदी’ लिहिलं की पाणी येतं, आणि दर शब्दामागे लिहिणाऱ्याची एक आठवण पुसली जाते. ओळ पुरी होईपर्यंत बोरू उचलायचा नाही, हा नियम मोडीवरून सुचला. मोडीत आधी आडवी रेघ ओढून घेतात आणि मग हात शक्यतो न उचलता अक्षरं तिला लटकवत जातात. तिसरा नियम माझा स्वतःचा: रफार, म्हणजे अक्षराच्या डोक्यावरचा ‘र’, जागचा हलला तर मंत्र लिहिणाऱ्यावरच उलटतो.

कादंबरीचं बीज म्हणाल तर चाळीसगावजवळच्या पाटणादेवीचं. आमच्याकडे शाळेची सहल दुसरीकडे जातच नाही. पाटणचा शिलालेख १२०७ सालचा, भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला काढलेल्या मठाचा. बहुतेक मजकूर संस्कृत, पण देणगीची कलमं शेवटी मराठीत आहेत. पेठेत जो माल उघडेल त्यावर ग्राहकाकडून राजाला मिळायचं ते मठाला दिलं, असा सरळ व्यवहार. कोणी, काय, कुणाला दिलं ते आठशे वर्षांनंतरही कळतं. हे मुद्दाम सांगतोय, कारण माझा करार अकरा पानांचा होता आणि मला त्यातलं काहीच कळलं नव्हतं.

लेखकांच्या एका व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मी तीन प्रकरणं टाकली. तिसऱ्या दिवशी फोन आला. बोलणारा स्वतःला एका प्रकाशनाचा संपादक म्हणवत होता. त्याने खरंच वाचलं होतं, हे मान्य करायला हवं. “सर, रफाराची कल्पना अफाट आहे. यावर गेम होऊ शकतो,” म्हणाला. सहा वर्षांत घरच्यांनीसुद्धा रफाराचं नाव काढलं नव्हतं. मी तिथेच गेलो.

पहिल्यांदा ‘वाचन अहवाला’चे साडेचार हजार. मग संपादन आणि मुखपृष्ठाचे अठरा. मग आयएसबीएनचे, म्हणजे पुस्तकाच्या ओळख क्रमांकाचे, सहा हजार आणि कॉपीराइटचे साडेनऊ. आता ऐका. आयएसबीएन आपल्या देशात फुकट मिळतो. राजा राममोहन रॉय यांच्या नावाची सरकारी एजन्सी तो देते आणि लेखकाला स्वतः ऑनलाइन अर्ज करता येतो. कॉपीराइट तर लिहिल्या क्षणीच आपला असतो. नोंदणी ऐच्छिक आहे आणि साहित्यकृतीची सरकारी फी ५०० रुपये. मला ‘सर्टिफिकेट’ म्हणून जो कागद पाठवला होता, त्यावर फक्त डायरी नंबर होता. त्याचा अर्थ एवढाच की अर्ज दाखल झालाय. त्यानंतर हरकतींसाठी तीस दिवस थांबावं लागतं, मग तपासणी, मग नोंद. मी तो कागद फ्रेम करायला टाकला होता. फ्रेमवाल्याने विचारलं, “दादा, हे काय आहे?” मी ऐटीत सांगितलंसुद्धा.

पुस्तकं आली पंचवीस. करारात ‘पहिली आवृत्ती’ एवढंच होतं, किती प्रतींची ते नाही. खोका फोडून मी सत्तेचाळिसावं पान काढलं. तिथे थोरला बोरूकर अंधाऱ्या खोलीत ‘सूर्य’ लिहितो आणि भिंतींवर ऊन पडतं. छापलं होतं ‘सूयर्’. युनिकोडचा मजकूर जुन्या फॉन्टमध्ये ओतताना रफार सरकले होते, पानोपानी. ‘वर्ष’चं ‘वषर्’, ‘अर्थ’चं ‘अथर्’. अठरा हजारांचं संपादन ते हेच. माझ्याच नियमाने बघितलं तर पुस्तकातला एकही बोरूकर जिवंत राहायला नको.

तरी मी भांडलो नाही, दुसऱ्या आवृत्तीत दुरुस्त होईल म्हणून. मग ‘ओटीटी सादरीकरणा’साठी पंचेचाळीस हजारांची मागणी आली आणि मी कापसाच्या पैशाला हात घालायला निघालो, तेव्हा आईने एकच विचारलं, “वाचीसन सही करी का रे, भाऊ?”

नव्हता वाचला. ओळखीच्या वकिलांकडे नेला तो करार. त्यांनी कॉपीराइट कायद्याचं कलम १९ काढून दाखवलं. हक्क किती काळासाठी दिले ते लिहिलं नसेल तर पाच वर्षं धरतात, कुठल्या प्रदेशासाठी ते नसेल तर फक्त भारत. घेणाऱ्याने वर्षभरात हक्क वापरलेच नाहीत तर ते आपसूक परत येतात, पण करारात उलट लिहिलं नसेल तरच. माझ्या सातव्या कलमात तिन्हीची सोय केलेली: ‘कायमस्वरूपी’, ‘संपूर्ण जगासाठी’, ‘वापर न झाला तरीही’. पात्रं, नियम, श्रेणीचं नाव, सगळं त्यांचं. वकील म्हणाले, “ज्याने हे लिहिलंय त्याला कायदा चांगला येतो.” मला वाटतं ती त्यांची दाद होती.

तुम्हालाही कुणी असा फोन केला तर पैशाच्या आधी हे कलम शोधा. छापायचे हक्क वेगळे, गेम-सिनेमाचे वेगळे, आणि मुदत आकड्यात लिहून घ्या. पैसे ऑनलाइन गेलेच तर सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर, १९३० वर, लगेच फोन करा. मी सात महिन्यांनी केला, तोवर त्यांचं खातं रिकामं होतं. ग्राहक हेल्पलाइन १९१५ वरही तक्रार नोंदवलीय, तक्रारीचा नंबर आलाय.

वकिलांनी त्या प्रकाशनाला नोटीस पाठवून दीड महिना झाला. पोच परवा आली. नोटीस कुणीतरी घेतलीय, सहीही केलीय, पण ती सही वकिलांना लागली नाही आणि मलाही नाही.