वर्गात मीलवर्म ठेवावेत की रेशीमकिडे?

इंदूरच्या शाळेत कीटकाचं जीवनचक्र जिवंत दाखवायचं, तर आधी एक ठरवा: रविवारी आणि दिवाळीच्या सुट्टीत खायला कोण घालणार?

रेशीमकिड्याला तुतीचा ताजा पाला लागतो, दिवसातून तीन-चारदा. अळी 25-28 दिवस खाते, पण बहुतेक पाला शेवटच्या आठवड्यात फस्त होतो. दाराशी झाड नसेल तर धावपळ तेव्हाच होते. पावसाळ्यात ओला पाला तसाच घातला की अळ्या रोगाने पटापट मरतात, म्हणून पुसून द्या. डासांची कॉइल तर आसपासही नको. मात्र सहा-आठ आठवड्यांत सगळं आटोपतं, आणि डोकं आठाच्या आकड्यासारखं फिरवत कोश विणणारी अळी फक्त इथेच दिसते.

मीलवर्म म्हणजे साठवलेल्या धान्यात वाढणाऱ्या एका भुंगेऱ्याची अळी. तिच्या जीवनचक्राला तीन ते पाच महिने लागतात, पण आठवडाभर कुणी फिरकलं नाही तरी चालतं. गुळगुळीत प्लास्टिकचा टब घ्या, त्यात 4-5 सेंमी गव्हाचा कोंडा आणि सुमारे पन्नास अळ्या. गुळगुळीत भिंत त्यांना चढता येत नाही. तरी पाली आहेतच, झाकणाला जाळी हवी. मुंग्यांसाठी टब पाण्याच्या परातीत विटेवर ठेवा. चक्कीवरचा कोंडा आधी तीन-चार दिवस फ्रीजरमध्ये ठेवा, त्यातले किडे मरतात.

पाण्यासाठी गाजराची चकती पुठ्ठ्यावर ठेवा आणि दुसऱ्या दिवशी काढा. बहुतेक टब इथेच बिघडतात: कोंडा ओलावतो, बुरशी धरते, मग टबच्या कडेला हलणारी फिकट धूळ दिसते. ते माइट्स, म्हणजे अगदी बारीक जीव. अळ्या चाळून कोरड्या कोंड्यात हलवा, जुना फेकून द्या.

मीलवर्मचे कोश (प्यूपा; यांना रेशमासारखं आवरण नसतं) दिसले की चमच्याने दुसऱ्या डब्यात काढा. अळ्या आणि भुंगेरे ते कुरतडतात. बाहेर आलेला भुंगेरा पांढुरका असतो, काही दिवसांत तपकिरी, मग काळा. मुलं हे रोज वहीत टिपू शकतात. चाळताना उडणाऱ्या बारीक धुळीचा दम्याच्या मुलांना त्रास होतो, ते काम वर्गाबाहेर करा.

25-28 अंशांत वाढ चांगली होते. डिसेंबरच्या थंडीत ती रेंगाळते, आणि एप्रिल-मेच्या चाळिशीपार उन्हात बंद वर्गातला टब वाचत नाही.

म्हणून वर्षभराचा प्रयोग असेल तर जुलैत मीलवर्म सुरू करा. अंगणात तुती आणि सुट्टीत पाला घालायला माणूस असेल, तर ऑगस्टमध्ये रेशीमकिडेही आणा. उरलेले मीलवर्म बाहेर सोडू नका, ते साठवलेल्या धान्याचे किडे आहेत. दोन दिवस फ्रीजरमध्ये ठेवून मगच टाका.