इंदुरात ऑटोमॅटिक डिझेल गाडीचे एटीएफ: मशीनने बदलावे की नट खोलून?

ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचे तेल, म्हणजे एटीएफ, बदलून देणाऱ्या जागा इंदुरात तीन प्रकारच्या. कंपनीचे सर्व्हिस सेंटर, देवास नाक्यापासून रिंग रोडपर्यंत पसरलेली मल्टिब्रँड गॅरेजे आणि गल्लीतला ओळखीचा मिस्त्री. मल्टिब्रँडवाल्यांकडे हल्ली एटीएफ बदलायचे मशीन असते आणि ते दर्शनी भागातच उभे केलेले असते. हे परीक्षण या तिन्हींकडच्या कामाचे आहे, कोणा एका दुकानाचे नाही. आमचे मत आधीच सांगून टाकतो: मशीन असले-नसले तरी चालेल. तेल घातल्यावर त्याची लेव्हल ठरलेल्या तापमानाला कोण लावून देतो, ते बघा आणि पैसे त्याला द्या.

आधी गाडीत गिअरबॉक्स कोणता आहे याची खात्री करा, कारण दोन पेडलची प्रत्येक गाडी आपल्याकडे सरसकट ‘ऑटोमॅटिक’ म्हणवते. डिझेल क्रेटा, सेल्टोस, हॅरियर, सफारी, इनोव्हा क्रिस्टा, फॉर्च्युनर, एक्सयूव्ही 700, स्कॉर्पिओ-एन यांच्यात टॉर्क कन्व्हर्टरचा, म्हणजे इंजिनचा जोर तेलातून पुढे नेणारा, गिअरबॉक्स आहे आणि पुढचे सगळे त्याच्याबद्दल. जुन्या डिझायर डिझेलची एजीएस म्हणजे मुळात मॅन्युअल गिअरबॉक्स. त्यात साधे गिअर ऑइल जाते, एटीएफचा संबंध नाही. व्हेंटो-रॅपिड डिझेलच्या सात गिअरच्या डीएसजीत, म्हणजे दोन क्लचच्या गिअरबॉक्समध्ये, क्लच कोरडे असतात, तिथेही हे मशीन लावायला जागाच नाही. ऑक्टाव्हिया-सुपर्बच्या ओल्या क्लचच्या सहा गिअरच्या डीएसजीला मात्र दर 60,000 किलोमीटरला तेल आणि फिल्टर दोन्ही लागतात, पण त्याचे तेल वेगळे आणि पद्धतही वेगळी.

‘हे तेल लाइफटाइम आहे, हात लावू नका’ हे वाक्य काउंटरवर हमखास ऐकू येते. झेडएफ ही गिअरबॉक्स बनवणारी कंपनी स्वतः 80,000 ते 1,20,000 किलोमीटर किंवा आठ वर्षे, यांतले जे आधी येईल तेव्हा तेल बदला म्हणते. लाइफटाइम म्हणजे कोणाचे आयुष्य, हा प्रश्न काउंटरवर विचारून बघा. डिझेल इंजिन कमी आरपीएमला जास्त टॉर्क देते. क्रेटाचे 1.5 डिझेल 250 न्यूटन-मीटर देते, हॅरियरचे 350. एवढा जोर टॉर्क कन्व्हर्टर आणि त्यातला, वेग आल्यावर इंजिन थेट जोडणारा लॉक-अप क्लच झेलतात, आणि क्लचच्या अस्तराचा चुरा तेलातच उतरतो. त्यात आपला वापर कसा? राजवाड्याच्या आसपास पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये रखडणे आणि सुटीत सामान भरून एबी रोडने मानपूरचा घाट, सेंधव्यापुढचा बिजासन घाट करत धुळ्याकडे. अशा वापराला 60 ते 80 हजार किलोमीटर किंवा पाच-सहा वर्षे ही मर्यादा आम्ही धरतो.

आता मशीन. ते गिअरबॉक्स आणि त्याचे तेल थंड करणारा कूलर यांच्यामधल्या नळीत जोडतात. इंजिन चालू ठेवले की गिअरबॉक्सचाच पंप जुने तेल मशीनच्या एका टाकीत ढकलतो आणि दुसऱ्या टाकीतून तितकेच नवे तेल आत जाते. काचेच्या दोन नळ्यांत काळे तेल हळूहळू लाल होताना दिसते आणि गिऱ्हाईक तिथेच खूश होते. पद्धत वाईट नाही. एका बैठकीत जवळपास सगळे तेल बदलते, हा तिचा खरा फायदा. पण तिच्या खोडीही आहेत, आणि गॅरेजवाले त्या आपणहून सांगत नाहीत.

पहिली म्हणजे मशीनच्या नळ्यांत आणि टाकीत आधीच्या गाडीचे तेल शिल्लक असते. आधी कोणती गाडी होती आणि नंतर मशीन धुतले का, हे विचारलेच पाहिजे. दुसरी खोड, काही गिअरबॉक्सना कूलरकडे जाणाऱ्या तेलावर थर्मोस्टॅट असतो. तेल पुरेसे तापेपर्यंत तो मार्ग बंद राहतो आणि मशीनमध्ये धारच येत नाही. अशा वेळी घाईचा मेकॅनिक मशीनचा दाब वाढवतो, ते करू देऊ नका. तिसरी आणि मोठी: मशीन चेंबर, म्हणजे गिअरबॉक्सच्या तळाची तेलाची परात, खोलत नाही. तळाचा गाळ, लोहचुंबक आणि फिल्टर जिथल्या तिथे राहतात.

दुसरा मार्ग साधा: खालचा नट खोलून जेवढे निघेल तेवढे काढायचे आणि तेवढेच भरायचे. नट खोलल्यावर सगळे तेल येत नाही, कारण बरेचसे टॉर्क कन्व्हर्टर, कूलर आणि तेलाचा दाब वाटणाऱ्या व्हॉल्व्ह बॉडीत अडकलेले असते. समजा गिअरबॉक्समध्ये एकूण 7 लिटर आहे आणि निघाले 3.5 लिटर. एका फेरीत 50 टक्के तेल नवे झाले, दुसऱ्या फेरीत 75, तिसरीत साडेसत्याऐंशी. म्हणजे साडेदहा लिटरमध्ये काम झाले. मशीनलाही एवढ्याच क्षमतेच्या गिअरबॉक्ससाठी 10 ते 12 लिटर लागते. मग एका बैठकीच्या सोयीपलीकडे मशीनचा फायदा तो किती? दोन फेऱ्यांच्या मध्ये गाडी दोन-तीनशे किलोमीटर चालली की जुने-नवे तेल नीट मिसळते. वेळेवर बदलत असाल तर दर 40-50 हजारांना एकच फेरीसुद्धा पुरते, आणि आमची पसंती याच पद्धतीला आहे.

ज्या गिअरबॉक्सला खाली उघडता येणारे चेंबर आहे, तिथे ते खोलायलाच सांगा. टोयोटा गाड्यांतल्या आयसिन कंपनीच्या गिअरबॉक्सला ते असते, आत जाळीचा फिल्टर आणि तळाला चुंबक असतात. चुंबकावर राखाडी, लोण्याइतका मऊ थर दिसेल. तो बोटाने चोळला आणि खरखर लागली नाही तर चिंता नको, ती रोजची झीज आहे. चमकणारे कण किंवा पापुद्रे दिसले तर तेल बदलून भागणार नाही. ह्युंदाई-कियाच्या सहा गिअरच्या गिअरबॉक्समध्ये मात्र फिल्टर आत असतो आणि गिअरबॉक्स उतरवून खोलल्याशिवाय निघत नाही. त्यामुळे क्रेटाच्या बिलात कोणी ‘एटीएफ फिल्टर’ लावला असेल तर जुना फिल्टर दाखवायला सांगा. चेंबरचे पॅकिंग आणि नटाचे वायसर नवेच हवेत. चेंबरचे बोल्ट बारीक असतात आणि टोयोटात त्यांचा टॉर्क 10 न्यूटन-मीटरच्याही खाली असतो. इथे लांब पाना लावून ताकद दाखवणाऱ्या मिस्त्रीने ॲल्युमिनियमचे आटे घालवले की पुढचा खर्च तेलापेक्षा मोठा होतो.

खोलण्याचा क्रमही बघून घ्या. भरण्याचा नट आधी सैल करायचा, रिकामे करण्याचा नंतर. उलट केले आणि भरण्याचा नट गंजून अडकलेला निघाला, तर तेल काढलेली गाडी लिफ्टवरच राहते. निघालेले तेल खुणा केलेल्या डब्यात मोजायचे, बादलीत ओतून मोकळे व्हायचे नाही. जुनी लेव्हल बरोबर असेल तर जेवढे निघाले तेवढे परत जाणे हा पहिला हिशेब.

आता खरे काम. या गाड्यांपैकी बहुतेकांत तेल बघायची पट्टीच नसते. असतो तो ओव्हरफ्लोचा, म्हणजे जास्तीचे तेल बाहेर सोडणारा, नट, आणि तेलाची उंची ठरते ती तापमानावर, कारण एटीएफ तापले की चांगलेच फुगते. ह्युंदाईच्या सहा गिअरच्या गिअरबॉक्सची पद्धत अशी: हिशेबाने तेल भरल्यावर आणखी 700 मिली घालायचे, इंजिन चालू करायचे, गाडीच्या कॉम्प्युटरला जोडलेल्या स्कॅनरवर तेलाचे तापमान 50 ते 60 अंशांत येऊ द्यायचे. गिअरचा दांडा पी पासून डी पर्यंत हळूहळू न्यायचा, परत आणायचा, पुन्हा एकदा तसेच. मग इंजिन चालूच ठेवून ओव्हरफ्लोचा नट काढायचा. आधी जाड धार येते, मग ती बारीक होत जाते. बारीक, अखंड धार सुरू असतानाच नट बसवायचा. काहीच आले नाही तर तेल कमी आहे, आणखी घाला. टोयोटाच्या आयसिन गिअरबॉक्समध्ये हे तापमान आणखी खाली, चाळिशीच्या घरात असते. नेमका आकडा त्या मॉडेलच्या मॅन्युअलमधूनच घ्यावा.

गाडी गरम असताना नट काढला तर फुगलेले तेल जास्त वाहून जाते आणि थंड झाल्यावर लेव्हल कमी पडते. मग पंप हवा ओढतो, डी टाकल्यावर गाडी क्षणभर थांबून झटक्याने उचलते, चढावर क्लच घसरतात. थंड असताना लावली तर तेल जास्त राहते. फिरते भाग ते घुसळतात, फेस होतो, आणि फेसाला दाब धरता येत नाही, म्हणजे लक्षणे पुन्हा तीच. गाडी चारही बाजूंनी सपाट हवी, हेही त्यातच आले. पुढची दोन चाके जॅकवर चढवून लावलेली लेव्हल काही कामाची नाही.

इथे इंदूरचा उन्हाळा आडवा येतो. मे महिन्यात दुपारी अंगणात उभ्या गाडीचे तेल इंजिन सुरू न करताच चाळीस अंशांना टेकते. विजयनगरहून गॅरेजपर्यंत चालवत आणलेल्या गाडीचे तर त्याच्या खूप वर. चाळिशीची मर्यादा असलेल्या क्रिस्टा-फॉर्च्युनरला अशा वेळी लेव्हल लावायची म्हणजे काही तास थांबणे आले, आणि थांबायला कोणी तयार नसतो. म्हणून एप्रिल ते जून गाडी आदल्या संध्याकाळी सोडायची आणि काम सकाळी पहिले करून घ्यायचे. हे ऐकून जो गॅरेजवाला ‘काही फरक पडत नाही’ म्हणेल, तिथून निघालेले बरे.

तेलाच्या बाबतीत लाल रंगाला भुलू नका, तो नुसता रंग आहे. टोयोटाला डब्ल्यूएस, ह्युंदाई-कियाच्या सहा गिअरला एसपी-फोर, असे मॅन्युअलमधले नाव डब्यावर हवे. ही नवी तेले पातळ आहेत. 100 अंशांना त्यांची व्हिस्कॉसिटी, म्हणजे दाटपणा, साधारण 5.5 सेंटिस्टोक, तर जुन्या डेक्स्रॉन-थ्रीची सातच्या वर. पॉवर स्टीअरिंगसाठी गॅरेजात पडलेले लाल तेल बहुधा जुन्या जातीचे असते आणि दोन लिटर कमी पडले की तेच ओतले जाते. त्यामुळे डबे आपल्यासमोर फोडायला लावा. अनेक गाड्यांना चालणारे मल्टिव्हेइकल एटीएफ नामांकित कंपनीचे असेल आणि आपले स्पेसिफिकेशन त्यावर छापलेले असेल तर चालते. ड्रममधले खुले तेल नकोच. ओरिजिनल तेल कंपनीच्या अधिकृत पार्ट काउंटरवरून स्वतः घेऊन जाणे उत्तम, बनावट डब्यांचा प्रश्न मिटतो.

तिन्ही जागांची तुलना करायची तर सर्व्हिस सेंटरकडे स्कॅनर, मॅन्युअल आणि सपाट लिफ्ट हे सगळे असते. उणीव एवढीच की हे काम तिथे क्वचित येते, त्यामुळे नवख्या मुलाच्या हाती पडू शकते. मल्टिब्रँड गॅरेजात हात सरावलेला असतो, पण मशीन वसूल करायची घाई असते. ‘मशीन नको, नट खोलून करा, आणि लेव्हल लावताना स्कॅनर दाखवा’ असे सांगितल्यावर जे कुरकुर न करता तयार होतात, ते आमच्या लेखी शहरातला सर्वांत चांगला पर्याय. गल्लीतल्या मिस्त्रीकडे स्कॅनर नसेल तर इंजिन ऑइल त्याच्याकडून बदला, हे काम नको.

काही गाड्यांचे तेल बदलूच नये, किंवा निदान मशीनने तरी नाही. तेल काळे, जळका वास आणि गिअर घसरताहेत, अशा गाडीचे क्लच आधीच गेलेले असतात. बदलल्यावर गाडी थांबली की दोष नव्या तेलावर येतो. 60-80 च्या वेगात हलक्या पायाने चालवताना रस्त्याच्या खडबडीतपणासारखी थरथर जाणवत असेल, तर मात्र ती लॉक-अप क्लचची आणि बरेचदा जुन्या तेलामुळे असते. तिथे नवे तेल गुण देते. आणि तेल गुलाब घातलेल्या लस्सीसारखे फेसाळ गुलाबी निघाले, तर रेडिएटरमधला कूलर फुटून पाणी आत गेले आहे. कूलंटऐवजी बोअरचे पाणी भरत राहिलेल्या गाड्यांत हे जास्त होते. आधी रेडिएटर, मग बाकीचे.

सोबत ॲडिटिव्हची बाटली किंवा गिअरबॉक्स फ्लश गळ्यात मारायचा प्रयत्न होतो, सरळ नाही म्हणा. फक्त तेल बदलले असेल तर ॲडॅप्टेशन रीसेटची, म्हणजे गिअरबॉक्सच्या कॉम्प्युटरने शिकलेले पुसण्याची, घाईही नको. रीसेट केल्यावर गिअरबॉक्स पुन्हा शिकेपर्यंत गिअर उलट ओबडधोबड पडतात. घरी आल्यावर रात्रभर खाली पुठ्ठा टाकून ठेवा, डाग पडला तर दुसऱ्याच दिवशी परत जा. धुळे-नाशिकचा लांब प्रवास असेल तर काम किमान आठवडाभर आधी उरका.

बिलावर तेलाचे नाव, स्पेसिफिकेशन, किती लिटर निघाले, किती घातले, लेव्हल किती अंशांना लावली आणि ओडोमीटरचा आकडा एवढे लिहून घ्या. ‘एटीएफ सर्व्हिस, 1 नग’ असे बिल मिळाले तर पुढच्या वेळी दुसऱ्या गॅरेजला काहीच कळणार नाही, आणि वॉरंटीचा वाद निघाला तर तुमच्या हातात कागद नसेल.