आठ महिने तलाव, दोन महिने बंद शॉवर

सकाळी सहाची बॅच, आठ महिने झाले. पास पुन्हा काढणार आहे, तेवढा तलाव चांगला आहे. पाणी नितळ, खोल बाजूला लाइफगार्डची नजर कायम. लॉकर गंजलेत, पण चालतंय. न चालण्यासारखी एकच गोष्ट आहे, शॉवर.

पुरुषांच्या बाजूला चार आहेत. त्यातले तीन गेले दोन महिने बंद. चौथ्याच्या झिजलेल्या चावीला कुणीतरी सायकलच्या ट्यूबची पट्टी गुंडाळलीय. ती ओली झाली की नुसती गरगर फिरते. मग रांग लागते, सहाची शिट्टी वाजते आणि पळून घामेजलेली माणसं, डोक्याला तेल थापलेली पोरं तशीच पाण्यात उतरतात.

डोळे चुरचुरायचे तेव्हा क्लोरीन जास्त टाकतात म्हणून मीच आधी तक्रार केली होती. ती चुकीची होती. पंपघरातल्या काकांनी माझ्यासमोर तलावाचं थोडं पाणी घेऊन त्यात क्लोरीन तपासायची गोळी टाकली. गुलाबी रंग अगदीच फिका आला. म्हणजे क्लोरीन उलट कमी. लिटरला किमान १ मिलिग्रॅम तरी मोकळं, म्हणजे जंतू मारायला शिल्लक असलेलं, क्लोरीन लागतं, पण ते घामावर आणि लघवीवरच खर्ची पडतं. त्यातून क्लोरामाइन तयार होतं. नाकात भरणारा तो वास आणि डोळ्यांची आग त्याचीच. अंगावर मिनिटभर पाणी घेऊन उतरलं तरी पुष्कळ फरक पडतो, आणि नेमकं तेच इथे होत नाही.

दोन अर्ज दिले. "वरून मंजुरी आली की करू," एवढंच उत्तर. मेनरोडला दुकानात विचारलं, तर नळाची स्पिंडल, म्हणजे चावीखालचा फिरणारा दांडा, माझ्या पोहायच्या टोपीपेक्षा स्वस्त निघाली. संताप येतो.

डिसेंबरच्या थंडीत बॅच पाच-सहा जणांवर आली, तेव्हा पंचवटीतले एक आजोबा भेटले. लहानपणी पाठीला डबा बांधून गंगेवर, म्हणजे आमच्या गोदावरीवर, पोहायला शिकलेले. ते घरून तांब्या आणतात. पाय धुवायच्या नळाखाली भरतात, आधी स्वतःवर ओततात, मग रांगेतल्या पोरांना हाक मारतात, "ये रे, डोकं पुढे कर." पोरं कुडकुडत, दात वाजवत पुढे होतात. आजोबांचं नावही मला माहीत नाही. गेले पंधरा दिवस ते दिसलेले नाहीत.

सोमवारपासून तांब्या मी नेतोय.