कारवाई सुरू करणे आणि नोकरीवरून काढणे: दोन अधिकार, दोन मोजमापे

सरकारी कार्यालयात ‘साहेबांना अधिकार आहेत’ हे वाक्य फार सैलपणे वापरले जाते. कोणते अधिकार, हे आधी विचारायला हवे.

विभागीय चौकशी सुरू करणे किंवा ठपका, वेतनवाढ रोखणे अशी किरकोळ शिक्षा देणे हे काम नियमांनी खालच्या अधिकाऱ्याकडे सोपवता येते. संविधान आड येत नाही. शार्दुलसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की चौकशी नियुक्ती प्राधिकाऱ्यानेच सुरू करायला हवी असे नाही. मात्र नियम काय म्हणतात ते पाहावेच लागते. केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांच्या शिस्तीच्या 1965 च्या नियमांखाली एका दोषारोपपत्राला (आरोपांच्या लेखी यादीला) शिस्तभंग प्राधिकाऱ्याची, म्हणजे शिक्षा देण्याचा अधिकार असलेल्याची, स्वतंत्र मंजुरी नव्हती, म्हणून ते रद्द झाले आणि 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला.

बडतर्फीचे तसे नाही. संविधानाच्या अनुच्छेद 311(1) नुसार नियुक्ती करणाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाचा अधिकारी बडतर्फ करू शकत नाही, पदावरून दूरही करू शकत नाही. पुढे नेमणुकीचे अधिकार खाली सोपवले तर? रेल्वेच्या एका ट्रेन लायटिंग इन्स्पेक्टरबाबत 1979 मध्ये हाच प्रश्न आला. त्यांची नेमणूक चीफ इलेक्ट्रिकल इंजिनिअरच्या हुकमाने झालेली, आणि काढले कनिष्ठ अधिकाऱ्याने. न्यायालयाने नेमणुकीच्या वेळची स्थिती धरली आणि आदेश रद्द केला. मला हे अत्यंत न्याय्य वाटते. नंतरच्या परिपत्रकाने कुणाचे संरक्षण कापता येऊ नये.

म्हणून नोटीस हाती आली की आपला मूळ नियुक्ती आदेश शोधा, ती नेमणूक कुणाच्या हुकमाने झाली ते पाहा.