'अ‍ॅडोलेसन्स', भाग ३: एक खोली, दोन खुर्च्या

नेटफ्लिक्सच्या या ब्रिटिश मालिकेचे (२०२५) चारही भाग एकेका सलग शॉटमध्ये चित्रित झालेत. तिसऱ्या भागात या तंत्राचा खरा कस लागतो, कारण इथे पळापळ नाही. मानसतज्ज्ञ ब्रायोनी आणि खुनाचा आरोप असलेला तेरा वर्षांचा जेमी समोरासमोर बसून बोलतात, बस्स.

कट नसल्यामुळे प्रतिक्रिया संकलनात पेरता येत नाही. कॅमेरा टेबलाभोवती सावकाश फिरतो आणि बोलणाऱ्याला सोडून ऐकणाऱ्याकडे कधी वळायचं, हे चालत्या शॉटमध्येच साधावं लागतं. जेमी चिडून हॉट चॉकलेटचा कप उडवतो, तेव्हा संवादाइतकंच ब्रायोनीचं रोखलेलं अंग बोलतं. तिने आणलेलं अर्धं सँडविच हे या भागातलं सर्वात हुशार लेखन: नावडतं असूनही तो घास घेतो, आणि सत्तेचा तराजू हलतो.

खटकतो तो सीसीटीव्हीजवळचा रक्षक. ब्रायोनीशी त्याची लगट विषय अधोरेखित करायलाच लिहिल्यासारखी वाटते. ब्रायोनी साकारणारी एरिन डोहर्टी आणि जेमी साकारणारा ओवेन कूपर या दोघांनाही एमी हा टीव्ही पुरस्कार मिळाला. कूपरचा तर हा पहिलाच अभिनय, आणि चित्रीकरणही याच भागापासून सुरू झालं होतं. इंग्रजी सबटायटल्स लावूनच बघा, उच्चार चांगलेच जड आहेत.